ऊस लागवडीची कॅसेट

जुन्या व्हिडिओ कॅसेटची मला पारख आहे, असं नगरमधली दोन-चार माणसं अजून सांगत फिरतात. मग कुणीतरी माळ्यावरची धुळकट पिशवी घेऊन माझ्या दारात उभं राहतं. "बघा ना, काही किंमत येईल का?" मी त्याला आत बसवतो, चहा पाजतो आणि पिशवीकडे ढुंकूनही न बघता परत पाठवतो. बायको म्हणते, माणसं आशेनं येतात आणि तुम्ही वसकन अंगावर जाता. जातो. जाणारच. या पारखीपायी मी एकदा जे करून बसलोय ते आठवलं की आजही स्वतःच्याच मुस्काटात द्यावीशी वाटते, आणि ते जमत नसल्यानं समोर येईल त्याच्यावर भागवून घेतो.

नव्वदच्या सुमाराला दिल्ली गेटजवळ माझी व्हिडिओ लायब्ररी होती. दहा बाय बाराचा गाळा, तिन्ही भिंतींना जमिनीपासून छतापर्यंत कॅसेटी आणि मधोमध मी. काय थाट होता म्हणून सांगू! शनिवारी संध्याकाळी डॉक्टर, वकील, तहसील कचेरीतले साहेब माझ्या काउंटरला पोट टेकवून उभे असत. "नवीन आली की आमच्यासाठी बाजूला ठेवा हं." मी वहीत बघितल्यासारखं करायचो, कपाळाला आठ्या घालायचो आणि शेवटी मोठ्या कष्टानं काढल्यासारखी हाताशीच ठेवलेली कॅसेट काढून द्यायचो. ज्यांच्याकडे व्हीसीआर नसे त्यांना मशीनही भाड्यानं मिळे. मशीन मी स्वतः स्कूटरवर पुढे ठेवून न्यायचो, टीव्हीला जोडून द्यायचो आणि दुसऱ्या दिवशी उचलून आणायचो.

काउंटरमागे हातभर पाटी होती: 'कॅसेट पूर्ण रिवाइंड करूनच परत करावी, अन्यथा दंड.' नगरच्या नागरिकांनी त्या पाटीला कवडीचीही किंमत दिली नाही. सिनेमा संपला की कॅसेट आहे तशी बाहेर काढायची आणि माझ्यापुढे आपटायची. शिकलेली माणसं! मी भांडायचो, दंड मागायचो, ते हसायचे. शेवटी रोज रात्री गाळा बंद करायच्या आधी त्या चाळीस-पन्नास कॅसेटी मीच उलट्या फिरवत बसायचो.

त्याच दिवसांत जिल्ह्यातल्या एका साखर कारखान्यानं ऊस लागवडीच्या मार्गदर्शनाची कॅसेट काढली. हिरवंगार पुठ्ठ्याचं कव्हर, त्यावर उसाचा फड आणि फडापुढे हार घातलेले चेअरमन. सभासदांना वाटून उरल्या त्यांचे गठ्ठे शहरातल्या लायब्रऱ्यांना फुकट आले. ती मी एकदा लावून पाहिली. पहिली वीस मिनिटं चेअरमन खुर्चीत बसून बोलतात, मग कॅमेरा उसाकडे जातो, तिथंही चेअरमनच उभे. पुढचं मी पाहिलं नाही. मशीन नेणाऱ्या प्रत्येकाला मी त्यातली एक भेट म्हणून देऊन टाकायचो. नगरमध्ये ती कॅसेट नाही असं घर राहिलं नाही आणि ती कुणी पाहिली असं घरही मला कधी सापडलं नाही.

आता सिस्टरांबद्दल सांगतो. त्या भिंगारला राहायच्या, सिव्हिलमध्ये नर्स होत्या आणि सगळी गल्ली त्यांना सिस्टरच म्हणायची. माझ्याकडे त्या वर्षातून एकदाच यायच्या, जानेवारीत.

"एक दिवस मशीन पाहिजे."

"कॅसेट कुठली देऊ, सिस्टर?"

"कॅसेट नको. फक्त मशीन."

आमच्या धंद्यात नुसतं मशीन नेणाऱ्या गिऱ्हाइकाचा एकच अर्थ निघायचा, आणि तो सिस्टरांना अजिबात शोभणारा नव्हता. त्यामुळे माझ्या पोटात दरवर्षी गुदगुल्या व्हायच्या. मी त्यांच्या घरी मशीन जोडताना मुद्दाम वेळ लावायचो. ही वायर काढ, ती घाल, चॅनेल मिळत नाहीये म्हणून पुटपुट. एकदा कपाटाकडे मान वळवली तर तिथं माझीच दिलेली उसाची कॅसेट. सिस्टर दाराशी उभ्या. "जोडून झालं ना? मग निघा." दुसऱ्या दिवशी मशीन तयार असायचं, पुसलेलं, वायर बँडेजसारखी गुंडाळून वर चिकटपट्टी लावलेली. असं गिऱ्हाईक मला दुसरं भेटलं नाही. आणि मला एवढंही सुचलं नाही की बाई वर्षातून एकदा, त्याच तारखेला, दार लावून काय बघत असतील ते विचारावं. विचारलं असतं तर कदाचित सांगितलंही असतं. मी चेष्टा करत राहिलो, मनातल्या मनात.

मग केबल आली. घरोघरी वायर, महिन्याचे ठरलेले पैसे, दिवसाला तीन सिनेमे. माझा गाळा दीड वर्षात ओस पडला. मी एक मशीन ठेवून बाकी विकली आणि कॅसेटी घरी आणून टाकल्या.

आणि पुण्याहून जुन्या कॅसेटींचे एक संग्राहक आले.

या माणसाचं वर्णन करताना आजही माझे दात आवळले जातात. पांढराशुभ्र झब्बा, खिशात भिंग, बोलणं असं की समोरच्याला आपण फार मोठे आहोत असं वाटावं. "तुमच्या नगरची हवा कोरडी," ते म्हणाले, "मुंबईच्या कॅसेटला बुरशी धरते. रिळाच्या कडेला पांढरं येतं, संपलं. इथं खजिना पडलाय, आणि तो ओळखणारे या शहरात तुम्ही एकटे." आता सांगा, गाळा बंद पडलेल्या माणसाला असं कुणी म्हटलं तर तो काय करील? मी फुगलो. दिवाळीच्या साफसफाईत घरोघर जायचं, जुन्या कॅसेटी बघायच्या, ओरिजनल असतील त्या त्यांच्यासाठी उचलायच्या, असं ठरलं.

मला ओळखता यायचं, हे मात्र खरं. कुणी आखातातून आणलेली कंपनीची कॅसेट असली की हातात घेताक्षणी वजनावरून कळे. लेबल यंत्रानं लावलेलं, त्यामुळे कणभरही तिरकं नाही. खालचे पाच स्क्रू कधी न उघडलेले, त्यांच्या खाचा अजून कोऱ्या. पुन्हा रेकॉर्ड करू देणारी कडेची प्लास्टिकची टिकली कारखान्यातूनच नसलेली. कॉपी असेल तर टिकली हातानं तोडलेली, नाहीतर भोकावर सेलोटेप. बाजूचं बटण दाबून झाकण उचलायचं, रीळ उजेडात धरायचं, वास घ्यायचा. ओल लागलेल्या कॅसेटला बासनात राहिलेल्या गोधडीसारखा वास येतो. संग्राहकांना सिनेमापेक्षाही आधीच्या परदेशी जाहिरातींचं वेड होतं. "या जाहिराती परत कुठं दिसणार?" असं ते भिंग पुसत म्हणायचे.

मी घरात शिरलो की बायका चहा टाकायच्या, पुरुष लुंगी सावरून बसायचे आणि मी सतरंजीवर तीन ढीग लावायचो. पहिला ओरिजनल. दुसरा कॉपी, म्हणजे वर पुन्हा रेकॉर्ड करायला चालणाऱ्या. तिसरा कचरा. तिसऱ्या ढिगात टाकताना मी मनगटाला एक झटका द्यायचो, बघणाऱ्यांना ते फार आवडायचं. "आणि घरच्या शूटिंगच्या?" मी संग्राहकांना एकदा विचारलं होतं. ते हसले होते. "लोकांच्या लग्नाचं मी काय करू? शून्य."

सिस्टरांच्या घरी गेलो तेव्हा त्या ड्यूटीवर होत्या. त्यांचे मिस्टर, एमआयडीसीत फिटर, दुसऱ्या पाळीला निघायच्या तयारीत. म्हणाले, "न्या, कपाट मोकळं होईल." सात कॅसेटी निघाल्या. एक ओरिजनल, पाच कॉपी आणि ती उसाची.

"ही मी फुकटसुद्धा नेणार नाही," मी म्हणालो.

"न्या हो, चेअरमनला तेवढंच फिरायला मिळेल," ते म्हणाले. आम्ही दोघं पोट धरून हसलो आणि मी मनगटाला झटका दिला. हिरव्या कव्हरातून कॅसेट बाहेर काढून बघितली का? नाही. अख्ख्या शहरात एकटा ओळखणारा मी! चेअरमनचा फोटो बघितला आणि किंमत ठरवून मोकळा झालो.

तिसऱ्या ढिगाचं पोतं भरलं. त्यात निम्म्याहून जास्त ऊस. पोतं दारात ठेवलं तेव्हा आमच्याकडे भाजी देणारी मावशी पाटी उतरवत होती. ती पारनेरकडची, राळेगणच्या अलीकडे तिची चार एकर. तिनं पोत्यात डोकावून पाहिलं.

"फेकायच्या हायेत व्हय ह्या?"

"तुला कशाला?"

"ज्वारी कणसात आली की बांधते. पाखरं लई झाल्यात औंदा. ही पट्टी वाऱ्यानं वाजती नं, जवळ येत न्हाईत."

"घेऊन जा, घेऊन जा," मी म्हणालो. दानशूर!

जानेवारीत सिस्टर आल्या. मी मशीन पुसून तयारच ठेवलं होतं. पण त्यांनी ते मागितलं नाही. दारातच उभ्या राहून म्हणाल्या, "आज कपाट उघडलं तेव्हा कळलं, तुम्ही माझ्या घरून कॅसेटी नेल्या. ऊस लागवडीची कुठे आहे?"

मी हसलो. "सिस्टर, तिची एवढी आठवण? दुसरी कुठूनही आणून देतो की."

"दुसरी नको. त्या कव्हरात माझे वडील आहेत."

मग त्यांनी जे सांगितलं ते उभ्यानंच सांगितलं. वडील जलशात गायचे. सारी हयात गावोगाव डफ घेऊन फिरले, पण त्यांचा आवाज कुणी कधी कशात धरून ठेवला नाही. अखेर एका वर्षी गावच्या विहारासमोर जयंतीच्या कार्यक्रमाचं शूटिंग झालं, त्यात ते गायले. पुढच्या जानेवारीत गेले. त्यांचा आवाज असलेली ती जगातली एकमेव वस्तू. सिस्टरांच्या लग्नाची कॅसेट नणंद 'दोन दिवसांत देते' म्हणून घेऊन गेली होती, ती परत आली तेव्हा तिच्यावर क्रिकेटची मॅच होती. म्हणून ही कॅसेट त्यांनी अशा कव्हरात ठेवली की ती मागायची बुद्धी कुणालाही होऊ नये. मिस्टरांनाही कव्हराचं सांगितलं नव्हतं, कारण ते सांगितल्याशिवाय राहणारे नव्हते. दर वर्षी वडील गेले त्या दिवशी त्या स्वतः कॅसेट मशीनमध्ये घालायच्या, मग बाकीच्यांना हाक मारायच्या.

"कुठे आहे?" त्यांनी पुन्हा विचारलं.

मी ज्वारी म्हणालो. त्यांना पहिल्यांदा कळलंच नाही. कळलं तेव्हा त्या ओरडल्या नाहीत. ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं. म्हणाल्या, "तुम्ही उघडूनसुद्धा बघितली नाही? दर वर्षी माझ्या घरात येऊन डोळे फाडून सगळीकडे बघायचात. तेव्हा काय बघत होतात?"

कान तापले माझे. आणि खरं सांगतो, आधी राग आला तो त्यांचाच. अशी कशी लपवायची? दोन अक्षरं लिहिता येत नव्हती कव्हरावर? मग त्यांच्या मिस्टरांचा आला, संग्राहकांचा आला, चेअरमनचाही आला. सगळ्यांवर फिरून फिरून तो शेवटी घरी परतला आणि तिथंच मुक्कामाला राहिला.

"काही खूण आहे का?" मी विचारलं.

"खाली चिकटपट्टी आहे. दवाखान्यातली, पांढरी. त्यावर तारीख."

सिस्टर माझ्या स्कूटरवर मागे बसल्या. पारनेरच्या वाटेवर तासभर आम्ही गेलो. मी आरशात बघितलं तर त्या रस्त्याकडेच्या प्रत्येक ज्वारीच्या शेताकडे बघत होत्या. तो महिनाच तसा होता, कणसं भरलेली. दर दोन-तीन शेतांआड काठ्यांवर काळी पट्टी ताणलेली, उन्हात चमकणारी. कुणाकुणाच्या लग्नाच्या, कुणाकुणाच्या सिनेमाच्या असतील. पूर्वी मी त्या रस्त्यानं शंभरदा गेलो होतो, तेव्हा कधी दिसल्या नव्हत्या.

मावशी बांधावर बसून भाकरी खात होती. आम्हाला बघून उठली. "या की शेठ! बाईंना शेत दावायला आनलं व्हय?"

"मावशी, ते पोतं कुठाय?"

"पोतं? ते कवाच उलगडलं. बगा की, समदीकडं तुमचंच हाय."

समोर चार एकर. काठ्या रोवलेल्या आणि काठीपासून काठीपर्यंत पट्ट्या, वाऱ्यानं थरथरत भुणभुणणाऱ्या. मावशीची रीत अशी होती की कॅसेट फोडायची नाही. बाजूनं पट्टी ओढायची, पहिल्या काठीला बांधायची, ओढत ओढत ओळ पुरी करायची आणि उरलेली कॅसेट शेवटच्या काठीला तशीच टांगून ठेवायची, म्हणजे पट्टी तुटली तर पुन्हा ओढता येते. मी तिला कधी नाव ठेवणार नाही. आमच्या शहरातल्या कुणाही पदवीधरापेक्षा तिनं कॅसेट नीट वापरली.

सिस्टर पहिल्या ओळीच्या टोकाला गेल्या. टांगलेली कॅसेट उलटी करून पाहिली. दुसऱ्या ओळीला गेल्या. मी दुसऱ्या बाजूनं सुरुवात केली. ज्वारीची पानं हातांना कापत होती. मावशी मागून विचारत होती, "काय हरवलंय? सोनं हाय का काय त्यात?"

"यांचे वडील आहेत," मी खेकसलो.

मावशीनं पदर खोचला. मग तीही काठ्या बघू लागली, आणि तिलाच सापडली. "ही बगा, हिला पट्टी डकवल्याली हाय. दवाखान्याची." विहिरीकडच्या ओळीच्या टोकाला, उन्हानं तापलेली. "हितं एक पाखरू येत न्हाई बगा," मावशी म्हणाली. "समद्यात चांगली वाजती ही."

सिस्टरांनी कॅसेट दोन्ही तळहातांवर घेतली. निम्म्याच्या वर पट्टी शेतात गेली होती. निम्म्याहून कमी रीळ आत शिल्लक.

"काय गेलं आणि काय राहिलं?" त्यांनी विचारलं.

आणि तिथं, बांधावर, माझ्या डोक्यात उजेड पडला. "सिस्टर, तुम्ही बघून झाल्यावर रिवाइंड करून ठेवायचात?"

"म्हणजे काय? नेहमी. तुमची पाटी नव्हती का?"

मी त्या उन्हात नाचायचाच बाकी राहिलो. अख्ख्या नगरमध्ये माझी पाटी पाळणारी एक बाई! कॅसेट उलटी फिरवून ठेवली की कार्यक्रमाची सुरुवात रिळाच्या बाहेरच्या अंगाला येते आणि शेवट आत, गाभ्याशी. मावशीनं ओढली ती सुरुवात. "वडील कधी गायले? आधी का शेवटी?"

"शेवटी," सिस्टर म्हणाल्या. "पाहुणे उशिरा आले आणि मग माइक सोडेचनात. अण्णांना चार तास बसवून ठेवलं होतं."

मी पट्टी कापली. घरी आल्यावर हात स्पिरिटनं धुतले आणि ते रीळ घालायला चांगला सांगाडा शोधू लागलो. मूळ सांगाडा उन्हानं वाकला होता. माझ्या कॅसेटी भाड्यानं फिरून झिजलेल्या, बिनदोष सांगाडा एकच होता: संग्राहकांनी तीनदा निरोप पाठवून राखून ठेवायला सांगितलेली, आखाती जाहिरातींची, कधी न उघडलेल्या स्क्रूंची ओरिजनल. माझ्या पहिल्या ढिगाची राणी. मी पाचही स्क्रू उघडले. आतलं रीळ काढून वर्तमानपत्रावर ठेवलं, सिस्टरांचं घातलं, टोकं जोडली. जोड तिसऱ्या खेपेला बसला.

त्यांच्या घरी मशीन जोडलं आणि सवयीनं दाराकडे निघालो.

"बसा," सिस्टर म्हणाल्या. "आज बसायचं."

पडद्यावर आधी मुंग्या, मग रेघा, आणि एकदम एक टोपीवाले गृहस्थ माइकला धरून उभे. त्यांचं पहिलंच वाक्य: "मी आपला जास्त वेळ घेणार नाही." त्यानंतर ते अकरा मिनिटं बोलले. सिस्टरांच्या मिस्टरांना हसू आवरेना. म्हणाले, "म्हणजे याच्या आधीचे सगळे पाहुणे मावशीच्या ज्वारीत." विहिरीकडच्या ओळीत एकही पाखरू का येत नव्हतं ते मला तेव्हा कळलं. तिथं सरपंच, सभापती आणि दोन माजी सदस्य रात्रंदिवस भाषण करत होते.

मग म्हातारे उठले. काटकुळे, हातात डफ. शूटिंगवाल्यानं त्यांच्या चेहऱ्यावरून बदाम आणि चांदण्या फिरवल्या होत्या, त्याचाही मला राग आला. पण आवाज आला आणि खोलीतलं सगळं थांबलं. त्या देहातून तो आवाज कसा निघत होता कोण जाणे. गाणं मध्येच थांबवून त्यांनी मागच्या बोलणाऱ्यांना झापलं: "तुमचं होऊ द्या आधी. मी चार तास बसलोय, आणखी बसतो." मग हसत म्हणाले, "पाणी आण गं. ही माझी पोरगी. सरकारी दवाखान्यात नर्स हाय. कुनाला सुई टोचून घ्यायची असंल तर रांग लावा." पडद्यावर तरुण सिस्टर लाजत तांब्या घेऊन आल्या. इकडे खुर्चीतल्या सिस्टर तेच शब्द ओठांत म्हणत होत्या, त्याच चढउतारांत.

संपल्यावर त्यांनी रिवाइंडचं बटण दाबलं. मशीन घुर्रर्र करत होतं तेव्हा म्हणाल्या, "सुरुवातीला आई होती. मेणबत्ती लावताना. पाठमोरी, दोन सेकंद. तिचं दुसरं काही शूटिंग नाही."

रीळ फिरून थांबलं तेव्हा मी कॅसेट काढून त्यांच्या हातात दिली.

आठवड्यानं संग्राहक हजर. मी त्यांच्या राणीचं रीळ वर्तमानपत्रात गुंडाळून हातात दिलं. ते पांढरेफटक पडले. "सांगाडा? अहो, तुम्ही स्क्रू उघडले?" मी सगळी हकिगत सांगितली. ऐकता ऐकता त्यांच्या डोळ्यांत एक चमक आली, आणि ती चमक बघून मला कळलं की हा माणूस आता काय बोलणार.

"जलशाचं प्रत्यक्ष शूटिंग? अहो, हे फार दुर्मिळ! विचारा ना बाईंना. त्या म्हणतील ती किंमत."

"तुम्ही शून्य म्हणाला होतात."

"लग्नाबद्दल म्हणालो होतो. याची गोष्ट वेगळी. शिवाय शेतातली ती कहाणी, त्यानं तर मोल वाढतं."

मी त्यांना काय काय म्हणालो ते इथं लिहीत नाही. शेजारच्या दोन घरांतले लोक बाहेर आले एवढंच सांगतो. त्यांचं भिंग पायरीवर राहिलं, ते न्यायला ते परत आले नाहीत.

पण राग तिथं संपायचा नव्हता. सिस्टरांनी निरोप पाठवला: 'कॅसेट ठेवायला तेच हिरवं कव्हर आणून द्या. दुसरं चालणार नाही.' मी म्हटलं, त्यात काय! आणि घरोघर फिरलो. एकही नाही. असेल कसं? दिवाळीत मीच मनगटाला झटका देऊन शहरातला सगळा ऊस उपटला होता. लोक हसायचे: "शेठ, तुम्हीच तर कचरा म्हणालात." कारखान्यावर जाऊन आलो, तिथंही शिल्लक नव्हतं. नगरमधली सगळ्यात फुकटची वस्तू शोधत मी पंधरा दिवस वणवण केली.

शेवटी मावशी. तिनं सगळे पुठ्ठे चुलीत घातले होते, एक सोडून. तो तिनं देवळीतल्या काचेच्या चिमणीवर झाकण म्हणून ठेवला होता. काजळी लागलेला, पण चेअरमन शाबूत.

"दे मावशी तो मला."

मावशीनं तो हातात घेतला, उलटा करून पाहिला, माझ्याकडे पाहिलं. माझा चेहरा तिला वाचता येत होता. "का? लई किमतीचा दिसतोय."

"काय पाहिजे ते सांग."

"पैसं नगं," ती म्हणाली. "पर ज्वारी काडली की ती पट्टी समदी रानात ऱ्हाती. जनावरांच्या पोटात जाती. ती येचायला मानूस मिळत न्हाई. तुमी या."

ज्वारी निघाल्यावर मी गेलो. सकाळपासून धसकटांतून, बोरीच्या काट्यांतून काळी पट्टी सोडवत फिरलो. विहिरीकडची ओळ मी शेवटी घेतली आणि वेगळी गुंडाळली. उन्हानं चुरगळलेली, मातीनं माखलेली, जागोजाग तुटलेली. कुठल्याही मशीनला ती वाचता येणार नाही, हे मला तिथंच, हात लावताक्षणी कळत होतं. तेवढी पारख आहे मला. मावशी बांधावरून ओरडत होती, "शेठ, तिकडं बोरीखाली ऱ्हायली बगा हातभर!" मी शिव्या देत वाकलो आणि तो हातभर तुकडाही काट्यांतून सोडवून घेतला. त्यातच असतील ते दोन सेकंद, कुणी सांगावं.